छत्तिसावे कडवे

देवाजींची तेरवी आटोपल्यावर त्यांच्या पत्नीने घुग्घुसहून येऊन वृद्ध गुरुजींपुढे पोस्टकार्ड ठेवले. हायकूचा जन्म जिच्यातून झाला, ती छत्तीस कडव्यांची जपानी साखळीकविता दोघे मित्र आळीपाळीने, टपालाने चार वर्षे रचत होते. कार्डावर देवाजींचे पस्तिसावे कडवे होते, पळसफुलांचे. शेवटचे गुरुजींनी लिहायचे. ते वसंताचे, आनंदाचेच असावे, असा परंपरेचा दंडक. थकल्या आवाजात गुरुजी म्हणाले, "वहिनी, साखळी इथेच थांबू द्या. आनंद आता कुठून आणू?" "त्यायनं कुठून आनला, भाऊजी? नाकात नळी होती. मले म्हने, हात धर, पळस लिवाचा हाय. खिडकीतून तं कोळशाचे ट्रकच दिसत. तुमचा हात तं धड हाय!" गुरुजींनी ती वेडीवाकडी अक्षरे पुन्हा वाचली. मग त्यांनी कोरे कार्ड ओढले, चष्मा पुसला आणि पहिला शब्द लिहिला, 'पालवी'.