चमचाभर गुलकंद

आमच्या ॲथलेटिक्स महासंघात उत्तेजक द्रव्यांच्या सेवनाची चौकशी चालू होती, अध्यक्षाच्या खुर्चीत मी. एकोणीस वर्षांची धावपटू झोर्नित्सा रडत म्हणाली, “कसलंच औषध घेतलं नाही हो! शर्यतीआधी स्तामेन सर फक्त चमचाभर गुलकंद भरवायचे.” “गुलकंदानं पदकं मिळाली असती तर आमच्या सासूबाई ऑलिंपिकला गेल्या असत्या!” खजिनदार म्हणाले आणि समिती खो खो हसली. स्तामेन सर, माझेही जुने प्रशिक्षक, उठले. पिशवीतून त्यांनी गुलाबांसाठी प्रसिद्ध असलेल्या, आपल्या काझानलाक गावच्या गुलकंदाची बरणी काढली. “घरचाच आहे. चाखा, मग बोला!” आमच्याकडे पुढे आलेला गुलकंदाचा चमचा कुणी नाकारत नाही. बाकी सगळ्यांनी खाल्ला. माझा चमचा बशीतच राहिला. शंभर मीटरच्या माझ्या सुवर्णपदकाआधी सरांनी भरवलेल्या चमच्याची गोडाखालची कडू चव अजून आठवते. पोरीच्या दोन वर्षांच्या बंदीवर मी सही केली. डोळे पुसत तिनं विचारलं, “मॅडम, तुम्ही का नाही खाल्लात?”