शुक्रवारचं मडकं

"पिशवीत काय आहे, मावशी?" जुन्या दफनभूमीचा राखणदार विल्बर आडवा आला.

एउफेमियाने पिशवी उघडून दाखवली. महामार्गावर बस सोडून ती दोन तास उन्हातून चालत आली होती. तोंडाला कोरड पडली होती. जुन्या स्वेटरात गुंडाळलेलं मडकं होतं, दोन तोट्यांचं, पोटावर लाल-काळा मासा रंगवलेलं.

"हे इथलं आहे. परत पुरायचंय."

"आत्ता आठवण झाली होय!" विल्बर हसला. "अख्ख्या वस्तीनं हे वाळवंट उकरलं, तेव्हा नाही सुचलं कुणाला."

त्याचंही खरंच होतं. सव्वीस-तीस वर्षांपूर्वी दर गुड फ्रायडेला वस्तीतले सगळे बाप्ये कुदळी घेऊन इथे थडग्यांतली जुनी भांडी उकरायला यायचे. त्या दिवशी देव मेलेला असतो, तो काही बघत नाही, असं म्हणायचे. रिकाम्या हाताने परतणाऱ्याची मग वर्षभर टिंगल. एउफेमियाचा नवरा इलारियो ओळीने चार वर्षं रिकामा परतला. "तुझ्यापेक्षा आमची कोंबडी बरी उकरते," असं ती त्याला चारचौघांत म्हणाली होती. पाचव्या वर्षी त्याने हे मडकं आणलं. त्यानंतर तीनच आठवड्यांनी त्यांची सहा वर्षांची मुलगी, नेली, तापाने गेली.

"तू मेलेल्यांचं आणलंस, त्यांनी आपलं नेलं," एउफेमिया पोरीला पुरताना सगळ्यांदेखत म्हणाली. तेच तिचे नवऱ्याशी शेवटचे शब्द. त्या दिवसापासून अबोला. ती रांधायची, वाढायची, त्याचे कपडे धुवायची, पण अक्षर बोलायची नाही. मडकं तिने विकू दिलं नाही की फोडू दिलं नाही. त्याच्या खाटेसमोरच्या फळीवर, त्याच्या डोळ्यांसमोर ठेवलं. त्यानेही कधी उलट शब्द काढला नाही. गुन्हेगार माणूस काय बोलणार?

आता खाणीच्या धुळीने इलारियोची छाती भरली होती. अकरा दिवस जीव घशाशी येऊन अडकला होता. राग धरायलाही अंगात बळ लागतं आणि एउफेमियाचं ते संपलं होतं. मडकं मातीत गेलं की घरी जाऊन त्याच्याशी एकदा बोलायचं, त्याला मोकळं करायचं, असं तिने ठरवलं होतं. पण आधी मडकं. त्याशिवाय तिची जीभ उचललीच नसती.

समोरच्या खड्ड्यांत, पर्यटकांना दिसावीत म्हणून उघडी ठेवलेली, वाळलेली प्रेतं गुडघे पोटाशी घेऊन बसली होती. हजार-दीड हजार वर्षांची, पण वेण्या अजून शाबूत. एउफेमियाने त्यांच्याकडे पाहिलं आणि मान फिरवली. घरी अकरा दिवस ती असाच चेहरा बघत होती.

विल्बरला तिची दया आली असावी. "इथं पुरलेलं दिसलं तर माझी नोकरी जाईल, मावशी. पण नेमकं कुठल्या बाजूचं ते कळलं, तर मी पाणी प्यायला जाईन. मग तुम्ही अन् तुमचं नशीब. सेनोबियो कुंभाराला दाखवा. नक्षीवरून सांगेल तो."

पर्यटकांच्या गाडीने तिला कुंभाराच्या दारात सोडलं. सेनोबियोचा रोजचा खेळ चालला होता. गारगोटी नाकावर घासायची, तिला नाकाचं तेल लावायचं आणि तिने कच्चं भांडं घोटायचं. "माझं नाक हेच माझं भांडवल!" तो म्हणाला. पर्यटक हसले. गेली तीस वर्षं हसत होते. त्याला स्वतःला हसू येणं कधीच बंद झालं होतं.

पर्यटक गेल्यावर एउफेमियाने मडकं पुढे केलं. "कुठल्या थडग्याचं आहे तेवढं सांगा, भावजी. वेळ नाही. ते आज जातील की उद्या, सांगता येत नाही."

सेनोबियोने हात पुसले. मडकं उजेडात धरून फिरवलं. माशाच्या कडेवरून अंगठा फिरवला.

"वहिनी, हे कुठल्याच थडग्यातलं नाही."

"म्हणजे?"

"ही रेघ बघा. टोकाला फाटलीय. आमचा कुंचला पोराच्या जावळाचा असतो. आमच्या थोरल्याचं जावळ कुरळं होतं, त्यामुळे त्या वर्षीच्या सगळ्या भांड्यांवर रेघा अशा फाटल्या. हे माझं मडकं आहे."

एउफेमिया मातीच्या ढिगावरच बसली. "त्यांनी खणून आणलं ते!"

"त्यानं खणलं होतं. खाली कापडात गुंडाळलेलं लहान मुलाचं प्रेत लागलं. मग वाळू परत लोटून पहाटे इथं आला. रडत होता. म्हणाला, काहीतरी दे, रिकामा घरी गेलो तर बायको तोंड उघडेल."

"सव्वीस वर्षं, भावजी!" तिचा आवाज चिरकला. "त्यांना तोंड नव्हतं? तुम्हाला नव्हतं? एका शब्दाचं काम होतं!"

"नेलीला पुरलं त्याच संध्याकाळी मी सांगायला निघालो होतो, वहिनी. त्यानंच मला फाटकात अडवलं." सेनोबियो तिच्याकडे न बघता बोलत होता. "म्हणाला, 'ताप जावा म्हणून ती दोन दिवस पोरीवरून अंडं उतरवत बसली होती, दवाखाना नको म्हणाली. हे मडकं तिच्याकडून काढून घेतलंस, तर तिला ते दोन दिवस आठवतील.'"