आसरांच्या नाल्यावरचे दोन वड

रागिणीने टेपचं टोक बुंध्यावर टेकवलं आणि नत्थुजींनी पोट आत ओढून घेतलं, जणू माप त्यांचंच निघणार होतं.

"पोट सोडा काका," ती हसली. "वडाचं मोजायचंय."

"मोज ना बाई. पण तुया टेप पुरन काय?"

टेप पुरला नाही. तिने त्याला दुसरा जोडला. नत्थुजींनी आजूबाजूला पाहिलं. हे पाहायला पलीकडच्या लोणवाडीचं एकही माणूस हजर नव्हतं, याची त्यांना मनापासून हळहळ वाटली.

रागिणी अमरावतीची. वऱ्हाडातली थोर झाडं हुडकत, त्यांची मापं आणि फोटो घेत हिंडायची. कौंडण्यपूरच्या वाटेवरच्या चिंचेबद्दल ती सकाळपासून बोलत होती. या वडाखाली आली आणि बोलायची थांबली. पारंब्या देवळाच्या खांबांसारख्या जमिनीत उतरलेल्या. वर आभाळ म्हणून काही नव्हतंच, नुसती पानं आणि त्यांत हरियलांची कुजबुज. भर दुपारी गार अंधार.

"बाप रे," एवढंच ती म्हणाली.

नत्थुजींनी तो 'बाप रे' मनातल्या मनात जमेला धरला.

धरायलाच हवा होता. बाळापूरकडून येणारा रस्ता रुंद व्हायचा होता. तो नाल्याच्या अलीकडून, म्हणजे धामणीच्या अंगाने न्यायचा, की पलीकडून लोणवाडीच्या, एवढंच ठरायचं राहिलं होतं. दोन्ही काठांवर एकेक वड. ज्या वडाची थोर म्हणून नोंद होईल, तो वाचणार. दुसऱ्यावरून डांबर जाणार. आणि लोणवाडीच्या वडाचे कैवारी होते भगवंतराव, नत्थुजींचे सख्खे इवाई. लेक पौर्णिमा त्यांच्या घरी देताना नत्थुजींनी हातचं काही राखलं नव्हतं. पण लेक दिली म्हणून वड देतो की काय माणूस?

मैनाबाई चहा घेऊन आल्या. "झालं काय माप?"

"इकडचं झालं काकू. आता तिकडचं."

"वडाचं माप सापडते, माह्या हिंगाचं नाही सापडत," मैनाबाई नवऱ्याकडे न बघता म्हणाल्या. "लोणच्यासाठी आणलेला खडा हिंग. डब्बाच रिकामा."

"उंदरानं नेला असन."

"हिंग खाणारा उंदीर म्या धामणीतच पाहला, बाई!"

रागिणी खळखळून हसली. उंदीर पारावर बसून बशीत चहा ओतत होता.

वैशाखात, लोणवाडी जेवून आडवी झालेली असताना, नत्थुजी लेकीला भेटायला म्हणून पुलावरून गेले होते. पिशवीत गिरमिट होतं आणि हिंग. बुंध्यात भोक पाडून हिंग भरला की केवढंही झाड बसल्या जागी वाळतं, हे त्यांनी आज्याकडून ऐकलं होतं. आधी त्यांनी हात जोडले. "माफ कर देवा. तुह्याशी वैर नाही. तू तिकडं उगवला, एवढंच." मग गिरमिट फिरवलं. बुंध्याला पौर्णिमाने बांधलेलं गेल्या सालचं सूत होतं, तेवढं त्यांनी अलगद बाजूला सारलं. आपल्या लेकीचं सूत तोडणारे ते नव्हते.

रागिणी चहा संपवून उठली. "नाल्यातून गेलं तर जवळ पडेल ना?"

"नाल्यात नाही!" नवराबायको एकदमच म्हणाले.

"आसरा हायेत तिथं," मैनाबाईंनी सांगितलं. "पाण्यातल्या देवी. खणनारळ काठावरूनच देतो आमी. दोन्ही गावचं कोणी आत पाय नाही टाकत. कोयता नाही, कुऱ्हाड नाही. पाह्य ना, रान कसं माजलं."

खरंच माजलं होतं. वेली, बोरी, करवंदीची जाळी, सगळं एकमेकांत गुंतून दोन काठांमध्ये हिरवी भिंत उभी राहिली होती. तिच्या पलीकडचं धामणीला दिसत नसे आणि अलीकडचं लोणवाडीला. दोन्ही गावांना ते सोयीचंच होतं.

रागिणी पुलाच्या वाटेने गेली. पूल लांब. नत्थुजी पारावर बसून वाट पाहत राहिले.

"तुमचे इवाई तिले काय काय सांगत असतीन," मैनाबाई म्हणाल्या.

"सांगू दे. झाड का खोटं बोलते?"

"आपल्याही वडाची नाल्याकडली पानं पिवळी पडून राहिली."

"ऊन कमी होतं काय यंदा? पाणी पडलं का सुधरन."

बराच वेळ गेला. नत्थुजी पुलाकडे डोळे लावून होते. अचानक डोक्यावर पानं सळसळली, हरियलांचा थवा भर्रकन उडाला आणि एक पारंबी धरून रागिणी त्यांच्या पुढ्यात उतरली. पाय अनवाणी, केसांत पालापाचोळा, कोपर खरचटलेलं. चेहरा मात्र असा, की मैनाबाईंनी नकळत पदर डोक्यावर घेतला.

"तिकडच्या बुंध्यात कोणीतरी भोकं पाडलीत, काका," ती धापा टाकत म्हणाली. "काहीतरी भरलंय आत. ती बाजू वाळत चाललीय."

"अरेरे," नत्थुजींनी तयार ठेवलेली हळहळ काढली. "काय पापी लोक असतेत! मंग आता आमचाच लिहशीन ना?"

ती नुसती वर बघत होती. तिचे डोळे भरून आले होते.

"पण तू आली कुठून?" नत्थुजी दचकले. "आसरांच्या नाल्यात पाय टाकला काय?"

"नाही काका. तिकडच्या बुंध्यावर चढले आणि फांदीफांदीनं चालत इथं उतरले. झाड एकच आहे."