कागदाखालचे सासरे

केकच्या मूर्ती घडवणाऱ्या सुनेने सासऱ्यांना कधी पाहिलंच नव्हतं. ती या घरात आली त्याच्या आधीच ते गेले. कॅमेरा दिसला की पाठ फिरवायची त्यांची खोड, त्यामुळे फोटोही पाठमोराच. आणि सासूबाईंना स्वतःच्या वाढदिवसाच्या केकवर हवे होते ते तेच, आरामखुर्चीत झोपलेले.

सुनेने शक्कल लढवली. साखरेची खुर्ची केली, पोट केलं आणि तोंडावर खायच्या कागदाचं वर्तमानपत्र पांघरलं. खाली चेहरा नव्हताच, केकचा नुसता गोळा. सासूबाईंनी कागद उचलला तर त्यांचं मन मोडेल, एवढीच तिला धास्ती.

सकाळी तो कागद तोंडाच्या जागी ओला झालेला दिसला. तिने दुसरा घातला. दुपारपर्यंत तोही तिथेच दमटला. खोली तर कोरडी ठणठणीत होती. तिसरा घातला, तो अलगद वर आला आणि खाली बसला. तिने पंखा बंद केला. कागद पुन्हा वर आला.

तेवढ्यात सासूबाई आत आल्या. "अगंबाई, हुबेहूब! दुपारी असेच तोंड झाकून पडायचे."

"आई, हात नका लावू, वाळलं नाही अजून."

"चल गं! माझ्या नवऱ्याला हात लावायला तुझी परवानगी?" म्हणत त्यांनी कागदाचं टोक उचललं आणि आत डोकावून पाहिलं.

सुनेने डोळे मिटून घेतले.

सासूबाई हसल्या, अगदी नव्या नवरीसारख्या. मग हळूच म्हणाल्या, "इकडे ये जरा. ही कोण, म्हणून विचारतायत."