ओल्या पायरीवरचं पाऊल

मँचेस्टरच्या आमच्या गिरणीगल्लीत बाईची इज्जत दाराच्या पायरीवरून ठरते. रोज सकाळी ती घासायची, पांढऱ्या दगडाने रंगवायची आणि वाळेपर्यंत तिच्यावर पाय ठेवायचा नाही.

लढाईत नवरा गेल्यापासून मी एकटी राहते. पण हल्ली माझ्या ओल्या पायरीवर रोज एक अनवाणी पाऊल उमटायचं. बोटं रस्त्याकडे.

"एडिथ, सकाळी सकाळी तुझ्या घरातून कोण बाहेर पडतं गं?" समोरच्या क्लेगबाईंनी सगळ्या गल्लीला ऐकू जाईल असं विचारलं.

हा त्यांचाच खोडसाळपणा, असा माझा संशय. म्हणून आज पायरी रंगवून, दार ओढून घेऊन मी रस्त्यात त्यांच्यासमोरच उभी राहिले.

"झालं समाधान? मी जागची हललेय का?" त्या फणकारल्या.

"म्हणूनच पायरी कोरी आहे," म्हणत मी वळले.

पाऊल उमटलं होतं. बोटं घराकडे.

ज्यांनी मला कधी उंबऱ्याच्या आत घेतलं नव्हतं, त्या क्लेगबाईंनी माझं मनगट घट्ट धरलं.

"चल, आज चहा माझ्याकडे."

"शाल तेवढी घेऊन येते."

"शाल राहू दे, पोरी," त्या हळूच म्हणाल्या आणि माझी मान माझ्या खिडकीकडे वळू दिली नाही.