बत्तिसावा फोन

“पाव्हण्यांना आदल्या दिवशीच सांगायचं,” मुंजाबा म्हणाला. “त्याच्या आदी एक शबूद नाय.”

“आदल्या दिवशी?” राजाबाईने तव्यावरची भाकरी उलटली. “लगीन हाय का बाजाराचा निरोप?”

“आठ दिस आदी सांगितलं की पाव्हणे लई होतात. पानी कुठून आणू? हितं टँकर पुरंना, अन् गावाकडं आडात चिखल बी नाय.”

सलग तिसरं साल कोरडं होतं. मेंढरं विकून मुंजाबा बजाजनगरात एका खोलीत आला होता आणि कारखान्यात माल उचलत होता. म्हणूनच लग्न लांब ठरलं होतं, गोदावरीचा पूल ओलांडून राजाबाईच्या भावाच्या वस्तीवर. तिथल्या विहिरीला अजून पाणी होतं.

थोरली अंबिका नव्या साड्यांच्या घड्या घालत होती. तिने पदराने डोळे पुसले.

मुंजाबाला लिहिता येत नव्हतं. पाहुण्यांची यादी आठवीतल्या ज्ञानेश्वरीने केली. एकतीस नावं झाली.

“आबा, आमच्या लक्ष्मीबाईंचं लिहू?”

“मास्तरनीला? अजाबात नाय.” मुंजाबा हसला. “ती मांडवात बी पाढे म्हनायला लावंल.”

“एकटंच माणूस हाय. पाणी किती पेल?”

“नाय म्हनलं ना!”

ज्ञानेश्वरीने वही मिटली. पण बाई यायलाच हव्यात, हे तिने मनाशी पक्कं केलं. प्रश्न एवढाच होता, की त्यांना सांगायचं कधी? लवकर सांगावं, तर आबांच्या कानावर जाऊन सगळंच बिनसेल. उशिरा सांगावं, तर अक्षता पडून जातील.

दुसऱ्या दिवशी गणिताच्या तासाला तिने हात वर केला.

“बाई, चाळीस किलोमीटर जायला जीपला किती वेळ लागतो?”

लक्ष्मीबाई लगेच उत्तर कधीच देत नसत. “आधी रस्ता सांग. मोकळा की गर्दीचा?”

“नगर रोड. मधे पूल.”

“मग सव्वा तास धर. आणि निघायच्या आधीची तयारी? ती तुम्ही पोरं नेहमी विसरता.”

ज्ञानेश्वरीने तयारीचे दोन तास धरले. मुहूर्त बारा पस्तीसचा. वजाबाकी केली, वर वीस मिनिटं जादा सोडली. उत्तर आलं नऊ.

लग्नाच्या आदल्या दिवशी तिनेच आबांच्या मोबाइलवरून एकतीस फोन लावले. “उद्या सकाळी सहाला टेम्पो निघतोय.” बाईंना लावला नाही. त्यांचा नंबर फळ्याच्या कोपऱ्यात वर्षभर लिहिलेला असे. तो तिला पाठ होता.

सकाळी वस्तीवर हळद झाली. लहानथोर सगळ्यांचेच हात पिवळे झाले. नऊ वाजता मुंजाबाने मोबाइल पुढे केला.

“लासूरवाले कुठं आडकले, बघ गं.”

रेंज नाही म्हणत ज्ञानेश्वरी विहिरीमागे गेली.

“बाई, आज लग्न आहे. बारा पस्तीसला. पूल ओलांडला की डावीकडची दुसरी वस्ती, निळ्या टाकीची.”

पलीकडे खुर्ची सरकल्याचा आवाज आला. मग बाईंनी विचारलं, “किती जण येऊ?”

“जीप भरून या.”

ती वळली. मागे अंबिका उभी होती. तिने सगळं ऐकलं होतं.

“लागला का फोन?” मांडवातून मुंजाबा ओरडला.

“लागला!” अंबिका ज्ञानेश्वरीच्या आधी ओरडली. “निघालेत पाव्हणे!”

बारा वाजून दहा मिनिटांनी जीप आली. “आता कोण ऱ्हायलं व्हतं?” म्हणत मुंजाबा हसतमुखाने पुढे झाला आणि जागीच थबकला. लक्ष्मीबाईंच्या मागून दोन पोलीस उतरले, आणि हातात फाइल घेतलेल्या एक बाई.

बँड थांबला. अंबिकाने कडेवरचं आपलं पोर छातीशी घट्ट धरलं.

“नवरी कुठली?” फाइलवाल्या बाईंनी विचारलं.

ज्ञानेश्वरीने कपाळावरच्या मुंडावळ्या बाजूला सारल्या आणि वर्गात करायची तसा आपला हळदीचा हात वर केला.