बारा गाड्यांचा पूल

दोब्रिला आत्याचा उजवा हात सोडला नाही, तर वेलिमीरला मिळणार होतं ते असं: दोन्ही काठांवरच्या सत्तेचाळीस घरांतून दरसाल मेंढीच्या दुधाच्या चीजचा एकेक गोळा, हिवाळ्याच्या जेवणावळीत शेकोटीजवळचं बाकडं, आणि पुलावरून रोज किती गाड्या सोडायच्या ते ठरवायचा हक्क. खर्च म्हणाल तर तीन-चार दिवस खाटेपाशी बसायचं. शिवाय कपाळावर एक टेंगूळ. आत्याच्या घराचं दार बुटकं, वेलिमीर ताडमाड. आत शिरतानाच त्याने चौकटीला टक्कर दिली होती.

आमचा मुलूख सगळा खुणांचाच बनलेला. डोंगर, धुकं, नदी या मोकाट खुणा. त्या कुणाचं ऐकत नाहीत. विहीर, भट्टी, पूल या पाळलेल्या. पाळलेली खूण कुणाच्या तरी तळहातावर राहते, श्वास घेते, कूस बदलते. धनी मरताना ज्याने त्याचा हात धरलेला असेल, त्याच्या तळहातावर ती चालत जाते. खुणेचा स्वभाव मात्र नव्या धन्याला आधी सांगायचा नसतो. सांगितला की खूण मरते. खूण मेली की पूलही गेला.

तिसऱ्या दिवशी भट्टीवाली यागोदा मक्याची पेज घेऊन आली. भर उन्हाळ्यात तिच्या अंगावर दोन शाली होत्या.

"काय हो यागोदाकाकू, भट्टीजवळ बसून थंडी वाजते?" वेलिमीर हसला.

"वाजते बाबा. तुझं काय? इतक्या वर्षांत म्हातारीला घोटभर पाणी विचारलं नाहीस, आणि आता हात सुटेना होय रे!"

"सेवा करतोय."

"दिसतंय. कालची तिची पेज तुझ्या मिशीला आहे अजून. पूस."

आत्या खाटेवर कुशीवर पडली होती. ती विळ्यासारखी वाकलेली; पाठीवर झोपणं तिला जमून तीस वर्षं झाली होती. सुतार शवपेटीचं माप घ्यायला येऊन गेला, तेव्हा म्हणाला होता, बरंय, दोन फळ्या वाचल्या.

"काल किती गाड्या गेल्या रे?" तिने विचारलं.

"मी कशाला मोजू?"

"अकरा. नववीत ओलं गवत होतं."

खिडकी बंद होती. वेलिमीरला म्हातारीचं कौतुक वाटलं. मरायला टेकली, तरी लक्ष पुलावर! रोज बाराच गाड्या सोडायची. तेराव्याने काठावर बैल सोडून सकाळची वाट बघायची. याच चिकटपणाला दोन्ही काठ कंटाळले होते. वेलिमीर चिकट नव्हता. त्याने मिठाच्या प्रवोशला कालच निरोप धाडला होता: पूल थरथरला की समज, कारभार माझा झाला, त्याच दिवशी तुझ्या चाळीसही गाड्या आण, त्यातल्या चार गोणी माझ्या. बैल पलीकडच्या काठावर जुंपून तयार होते.

आत्याने हात ओढून बघितला. जोर नव्हता.

"सोड. अजून वेळ आहे."

"नाही सोडणार, आत्या."

तिने ओढणं थांबवलं. "मग घट्ट धर."

खूण त्याच्या तळहातावर आली ती गोगलगायीसारखी, थंड आणि सावकाश. बाहेर नदीवर ताणलेली पुलाची करडी, लांबलचक वेलांटी एकदा थरथरली. आत्याने शेवटचा श्वास सोडला आणि तिचं अंग सरळ झालं. आधी मान, मग पाठ, मग गुडघे. ती उताणी झाली आणि तिची पावलं खाटेबाहेर आली.

वेलिमीर ते बघतोय तोवर त्याच्या पाठीवर काहीतरी चढलं. दोन बैल. मग चाकं. मग मीठ, एकेक गोण. तो गुडघ्यांवर आला.

यागोदा त्याच्याजवळ बसली. "आता सांगता येतं तुला. नको असेल तर हात झटक. खूण नदीत जाईल, तू मोकळा."

"आणि पूल?"

"पूल कशाला राहील?"

त्याने बोटं उघडली. अर्धी उघडली असतील. तेवढ्यात त्याला मिठाच्या वर काहीतरी हलकं जाणवलं. ते उडालं, धप्पकन पडलं, पुन्हा उडालं. कुणीतरी लहान जीव गोणींवर उड्या मारत होता. प्रवोशची धाकटी असणार. ती एका जागी बसली तर नवल.

वेलिमीरने मूठ मिटली.

गाडी अलीकडे पोचली, तेव्हा तो घामाने निथळत होता. "प्रवोशला सांगा," तो दातांतून म्हणाला, "बारा. रोज बाराच."

"चाळीस म्हणाला होतास ना!" गाडीबरोबर आलेला प्रवोश अंगणातून ओरडला. "म्हातारी परवडली रे! तू तर तिच्याहून चिकट निघालास!"

वेलिमीरला आता भट्टीवालीच्या अंगावरच्या शाली दिसत होत्या. त्याने आपला शर्ट काढला आणि तिच्या खांद्यावर टाकला. तिने नको म्हटलं नाही.

संध्याकाळपर्यंत बारा झाल्या. सुतार पेटी घेऊन आला. पेटी आखूड पडली. त्याने पुन्हा माप घेतलं, पुन्हा घेतलं, आणि वैतागला.

"वीतभर जास्त! मेल्यावर कुणी वाढतं का? आता फळ्या कोण देणार?"

"मी आणतो," वेलिमीर म्हणाला.

तो उठला आणि त्याच बुटक्या दारातून, मान न वाकवता, बाहेर गेला.